भुताचा बायोडेटा

एक सोप्पा प्रश्न. ड्रॅक्युला हा ड्रॅक्युला होण्याआधी कोण होता, आणि मेला कसा? नाही आठवत ना? काही बिघडत नाही. सुळे, काळा झगा आणि लसणाची ॲलर्जी, एवढ्यावर त्याचं शंभर वर्षं मस्त चाललंय. गॉडझिला समुद्रातून येतो, टोकियो तुडवतो, जातो. त्याला कुणी 'बाबा रे, तुझी अडचण काय?' असं विचारत नाही.

आता हाच प्रश्न हडळीबद्दल घरातल्या एखाद्या आजीला विचारून बघा. क्षणाचाही विलंब न लावता उत्तर येईल. बाळंतपणात गेलेली बाई. मुंज्या? मुंज झाली, पण सोडमुंज व्हायच्या आत पोर गेलं. समंध? मागे वारस नाही, क्रियाकर्म करायला कोणी नाही, आणि जीव पुरलेल्या पैशात अडकलेला. आजीचा भुतांवर विश्वास असो नसो, माहिती पक्की असते!

थोडक्यात काय, मराठी भुताला चेहरा नंतर येतो, आधी बायोडेटा येतो. नाव, लिंग, जात, विवाहित की अविवाहित, मृत्यूचं कारण. सध्याचा पत्ता: पिंपळ, वड, विहीर किंवा नदीचा डोह. आणि सगळ्यात खाली, जाड अक्षरात: काय राहून गेलं. आपल्या ऑफिसातल्या एचआरवाल्यांकडेही इतकी नीट फाइल नसते.

अर्थात भुतांच्या दुनियेतही काही जण अगदी बिनकामाचे असतात. चकवा बघा. त्याला काही नको असतं. तो फक्त रात्रभर तुम्हाला एकाच शेताभोवती फिरवत ठेवतो. (काही मीटिंग्ज आठवल्या की नाही?) आणि वेताळ म्हणजे तर सगळ्या भुतांचा राजा. कोकणात त्याचा थेट देव झालाय. वेंगुर्ल्याजवळ आरवलीला वेतोबाला चामड्याच्या भल्यामोठ्या चपला वाहतात. तो रात्री गावाची राखण करत हिंडतो आणि त्या झिजवतो, असं लोक सांगतात. नाइट शिफ्टवाल्यांनी एकदा जाऊन यायला हरकत नाही. पण हे दोघं अपवाद. बाकीच्यांची केस कुठे ना कुठे अडकलेली असते.

साहेब, मास्तर आणि हडळ

ही फाइल नीट छापली गेली ती १९१५ साली, मुंबईत. कोकणातल्या लोकसमजुतींची टिपणं, संपादक आर. ई. एन्थोवेन. पण त्यातला कच्चा माल जमवला होता दुसऱ्याच साहेबानं. त्याचं नाव तुम्हाला माहितीये. ए. एम. टी. जॅक्सन. हो, तोच! नाशिकचा कलेक्टर. २१ डिसेंबर १९०९ च्या रात्री विजयानंद थिएटरात अनंत कान्हेरेंनी ज्याच्यावर गोळ्या झाडल्या, तो. शाळेच्या इतिहासात त्याची एंट्री तेवढीच. प्रत्यक्षात हा माणूस संस्कृतचा अभ्यासक होता आणि लोकांच्या समजुती गोळा करायचा त्याला नाद होता. गावोगावच्या शाळामास्तरांना प्रश्न पाठवायचे, मास्तरांनी गावात चौकशी करून उत्तरं लिहून पाठवायची, असं ते काम चालायचं. तुमच्या गावात कोणकोणती भुतं आहेत, ती कशी होतात, कुठे राहतात. कल्पना करा, मास्तर शाळा सुटल्यावर दिव्याच्या उजेडात साहेबासाठी हडळीचं वर्णन शुद्धलेखनासकट लिहितायत.

ती उत्तरं आज वाचताना भीती वाटत नाही. वाटतं ते वेगळंच. पुरुष भुतांचे प्रकार होतात ते मुंज, वारस, पैसा, लढाई अशा गोष्टींवरून. बायकांचे प्रकार मात्र एकाच कॉलमवरून पडतात. बाळंतपणात किंवा त्यानंतरच्या सोयरात गेली, ती हडळ. नवरा जिवंत असताना गेली, ती जखीण. विधवा असून गेली, ती लावसट. मेल्यावरही मॅरिटल स्टेटस! फॉर्म बदलला, कॉलम तोच.

हडळीचं वर्णन तर सगळ्यांना पाठ असतं. पाय उलटे, केस मोकळे, पुढून भरलेली, मागून नुसता सापळा. लहानपणी आपण हे ऐकून पांघरूण डोक्यावर ओढलेलं असतं. पण ती परत येऊ नये म्हणून काय करायचे, ते कोणी सांगितलं होतं का? बाळंतपणात गेलेल्या बाईला नेताना वाटेवर राळ्याचे दाणे टाकत जायचे. समजूत अशी, की सगळे दाणे एक एक करून वेचल्याशिवाय तिला घरी परत येता येत नाही, आणि तेवढ्यात उजाडतं. कुठे कुठे खिळेही ठोकायचे.

जरा थांबून विचार करा. घरातली पोर, बऱ्याचदा वय पंधरा-सोळा, पहिल्या बाळंतपणात गेली. दाई कमी पडली असेल, रक्त गेलं असेल, ताप आला असेल. आणि घराला भीती कसली? तर ती परत येईल याची! का बरं परत येईल? कारण मनात कुठेतरी सगळ्यांना ठाऊक असणार, की तिला विचारण्यासारखं काहीतरी आहे.

आणि योगायोग बघा. जॅक्सनवर गोळ्या झाडल्या गेल्या तेव्हा स्टेजवर नाटक होतं 'संगीत शारदा'. देवलांचं. कोवळ्या पोरीला म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधायला निघालेल्या बापाची गोष्ट. हडळीची फाइल तयार करणारा साहेब मेला तो शारदेसमोर. असा सीन कुठल्या पटकथाकारानं लिहिला असता, तर आपण 'जरा जास्तच होतंय' म्हणून नाक मुरडलं असतं.

फॉग मशीनचे दिवस

आता पडद्याकडे वळू. हिंदी हॉरर म्हटलं की आपल्या पिढीला आठवतात ते रामसे बंधू. सात भाऊ. कोणी कॅमेरा, कोणी साउंड, कोणी एडिटिंग, आणि तुलसी व श्याम डायरेक्शनला. १९७२ चा 'दो गज जमीन के नीचे' त्यांनी महाबळेश्वरला जाऊन शूट केला. मग १९८४ मध्ये 'पुराना मंदिर', १९८८ मध्ये 'वीराना' आणि १९९३ पासून टीव्हीवर 'झी हॉरर शो'. शुक्रवारी रात्री एका डोळ्यावर उशी धरून तो बघितला नाही, असा नव्वदीतला मुलगा विरळा.

'पुराना मंदिर'मधला सामरी आठवतो? ते काम करणारे अजय उर्फ अनिरुद्ध अग्रवाल हे शिकलेले सिव्हिल इंजिनिअर, तेही रुरकीचे. इंजिनिअरिंग करून भलत्याच फील्डमध्ये जाण्याची परंपरा किती जुनी आहे बघा. पण सामरी घाबरवतो तो उंचीनं, चेहऱ्यानं आणि धुरानं. त्याची हवेली बाहेरून देशी, आतून विलायती. तो तुमच्या कुटुंबातला कोणी वाटत नाही. म्हणूनच थिएटरच्या बाहेर येऊन वडापाव खाल्ला की तो संपतो.

मराठीत मात्र अडकलेल्या केसची सवय सुटली नाही. १९९३ च्या 'झपाटलेला'चंच घ्या. महेश कोठारेंना मूळ आयडिया मिळाली ती हॉलिवूडच्या खुनी बाहुल्याकडून, हे उघड आहे. पण तात्या विंचू झाला कोण? आपला अस्सल गावठी गुंड, पोलिसांच्या गोळीनं मरता मरता बाहुल्यात शिरलेला, आणि आता त्या लाकडी देहातून सुटायचंय म्हणून लक्ष्याच्या मागे लागलेला. रामदास पाध्यांचा बाहुला आणि दिलीप प्रभावळकरांचा आवाज. अख्खी एक पिढी या जोडीनं हसवत हसवत झोपेतून उठवली. तात्याला जगाचा नाश वगैरे करायचा नव्हता. त्याला बॉडी चेंज करून हवी होती. तीही एका ठरावीक माणसाची.

मग भुतं शहरात आली. २००३ साली रामगोपाल वर्मानं 'भूत' काढला. एकही गाणं नाही, हवेली नाही, वटवाघळं नाहीत. मुंबईतल्या टॉवरमधला भाड्याचा फ्लॅट, अजय देवगण, उर्मिला मातोंडकर आणि आधी त्या घरात राहिलेली, बाल्कनीतून पडून गेलेली एक बाई. आपल्यातल्या किती जणांनी त्यानंतर ब्रोकरला 'आधी इथे कोण राहत होतं हो?' असं सहज म्हणून विचारलं असेल! अकरा महिन्यांच्या लीव्ह अँड लायसन्समध्ये हे कलम नसतं. आणि उर्मिलाच्या अंगात येणारी ती बाईसुद्धा आपल्या जुन्या पद्धतीचीच. तिची एक तक्रार आहे, आणि ती ऐकून घेतल्याशिवाय ती हलणार नाही.

सातबारा आणि समंध

अडकलेल्या केस मराठी घरात सगळ्यात जास्त कुठे असतात, सांगा? बरोबर. जमिनीत.

२०१६ साली 'रात्रीस खेळ चाले' सुरू झाली, तेव्हा कोकणातूनच तिला विरोध झाला. मालिका अंधश्रद्धा पसरवते म्हणून. तरी लोक रात्री साडेदहाला टीव्हीसमोर बसले. कारण भूत तर होतंच, पण सुरुवात कशानं होते? अण्णा नाईक गेले, मुंबईपासून सगळी भावंडं वाड्यावर जमली, आणि दिवस-कार्याच्या आतच नजरा वाटणीकडे वळल्या. हे ज्याच्या घरात झालं नाही त्यानं हात वर करावा. २०१९ च्या दुसऱ्या भागात मालिका मागे गेली, जिवंत अण्णा आणि शेवंता दिसले, आणि भूत होण्याआधीचा हिशेबच लोकांना जास्त आवडला. सावंतवाडीजवळच्या आकेरीतल्या त्या वाड्यासमोर फोटो काढायला गाड्या थांबायला लागल्या.

'तुंबाड' याच वाटेनं गेला, फक्त खूप खोल. राही अनिल बर्वेंनी नागझिऱ्याच्या जंगलात एका मित्राच्या तोंडून नारायण धारपांची गोष्ट ऐकली, तिथून याची सुरुवात. धारप (१९२५-२००८) म्हणजे मराठी भयकथेचे बादशहा. लायब्ररीत त्यांच्या पुस्तकांची पानं कायम सुटलेली असायची, यावरूनच काय ते समजा. नाव मात्र श्री. ना. पेंडशांच्या 'तुंबाडचे खोत'वरून आलं. सिनेमा वर्षानुवर्षं रखडला. खऱ्या पावसात शूटिंग, सासवडचा जुना वाडा, पुन्हा पुन्हा शूट केलेले भाग. १२ ऑक्टोबर २०१८ ला आला आणि थिएटरमधून बेताचीच कमाई करून गेला. नंतर मोबाइलवर आणि लॅपटॉपवर लोकांनी तो इतका बघितला, की १३ सप्टेंबर २०२४ ला पुन्हा थिएटरात लावला, आणि या खेपेला पहिल्यापेक्षा जास्त कमाई झाली. फ्लॉप सिनेमाचंच भूत होऊन परत येणं याला म्हणतात!

हस्तर हा देव कुठल्याच पुराणात नाही, तो लेखकांनी घडवला. तरी तो परका वाटत नाही. का? कारण त्याच्यामागे आपला जुना समंध उभा आहे. पुरलेलं धन, ते सांभाळत बसलेला कोणीतरी, आणि ते बाहेर काढताना एका पिढीनं पुढच्या पिढीला शिकवलेली हाव. विनायकरावाच्या कमरेच्या पिशवीत मोहरा असतात. आपल्याकडे ईएमआय आहे. फार फरक नाही.

'तुंबाड'मधली माझी सगळ्यात आवडती भीती मात्र हस्तर नाही, ती आजी आहे. साखळीनं बांधलेली, आतल्या अंधारात ठेवलेली, ठरावीक वेळी खाऊ घालायची म्हातारी. घरातल्या आजारी, नकोशा माणसाला मागच्या खोलीत ठेवणारी घरं आपण पाहिलेली असतात. त्यासाठी कोकणात जावं लागत नाही.

'नाही' न ऐकणारा मुलगा

७ जून २०२४ ला 'मुंज्या' आला. मोठा स्टार नाही, हीरो कॉम्प्युटरवर बनवलेला, तरी शंभर कोटींच्या पुढे गेला. आदित्य सरपोतदारांनी आजीच्या गोष्टीतला मुंज्या घेतला आणि त्याची अपुरी इच्छा एकदम आजची केली. गोट्याला स्वतःपेक्षा सात वर्षांनी मोठ्या मुन्नीशी लग्न करायचंय. नकार मिळतो. हे त्याला जिवंतपणी पटत नाही आणि मेल्यावरही पटत नाही. बदलत्या पिढ्या, बदलती मुलगी, हट्ट तोच. थिएटरात आपण खूप हसलो. पण 'नकार' हा शब्द न कळणारे मुंज्ये आपल्या फोनच्या ब्लॉक लिस्टमध्येही दोन-चार निघतील, हे मुलींना वेगळं सांगायला नको.

याच सरपोतदारांनी त्याआधी, जानेवारी २०२२ मध्ये, 'झोंबिवली' केला होता. डोंबिवलीत झोंबी! नाव ऐकूनच अर्धे पैसे वसूल. झोंबीला बायोडेटा नसतो, तो नुसता घोळका. सकाळच्या फास्ट लोकलनं जाणाऱ्याला तो दाखवण्यात नवीन काय, असा प्रश्न पडू शकतो. पण तिथेही गोष्ट वळते ती पाण्यावर. टॉवरला पाणी, वस्तीला नाही. बिनचेहऱ्याच्या विलायती भुतालासुद्धा मराठी माणसानं तक्रार अर्ज लिहायला बसवलंच.

उसाच्या शेतातलं घर

आता पुन्हा हडळीकडे. तिचं काय झालं?

विनोदी सिनेमात तिचा मस्त वापर झाला. उलटे पाय दाखवायचे, हीरोनं किंचाळायचं, लोक हसणार. २०१८ च्या 'स्त्री'नं थोडं वेगळं केलं. कर्नाटकातल्या 'नाळे बा'च्या, म्हणजे भिंतीवर 'उद्या ये' लिहिण्याच्या दंतकथेवरून तो सुचला, आणि त्यातल्या भुताला शेवटी हवा असतो तो मान. चांगलंच आहे. पण हडळीची मूळ केस, म्हणजे बाळंतपण, तिला हात घातला तो एका छोट्या मराठी सिनेमानं. 'लपाछपी', २०१७ मध्ये थिएटरात आला. दिग्दर्शक विशाल फुरिया. बघितला नसेल तर पुढचा एक पॅरा सोडा.

कर्जात बुडालेला नवरा दिवस गेलेल्या बायकोला घेऊन लपायला जातो. चहूबाजूंनी ऊस, मधे एक घर. कुठेही अंधारी हवेली नाही. भर दुपारचं ऊन, आणि तरी अंगावर काटा. पूजा सावंतला उसातून मुलांचे आवाज येतात, लपाछपी खेळणाऱ्या पोरांचे. आणि घरात उषा नाईक यांची तुळसाबाई, प्रेमानं ताट वाढणारी, पोटावर नजर ठेवणारी. हळूहळू लक्षात येतं, की घाबरायचं ते उसातल्या भुतांना नाही. घाबरायचं आहे ते मुलगाच हवा म्हणणाऱ्या घराला. पुढे फुरियांनीच २०२१ मध्ये त्याचा हिंदीत 'छोरी' केला, तोही चांगला चालला. पण मराठीतली तुळसाबाई जास्त टोचते. तिची भाषा आपल्याच काकू-मावशीची आहे.

आणि ही काल्पनिक भीती नाही. महाराष्ट्रात शून्य ते सहा वयोगटात दर हजार मुलग्यांमागे २००१ च्या जनगणनेत ९१३ मुली होत्या. २०११ ला ८९४. मधल्या दहा वर्षांत मॉल आले, मल्टिप्लेक्स आले, आपण सगळे कॅपुचिनो प्यायला शिकलो. गर्भलिंग तपासणीवर बंदी तर त्याच्या कितीतरी आधीपासून होती.

भुतांच्या नावाखाली प्रत्यक्षात काय चालतं, त्याचीही एक यादी आहे, आणि तीही छापील आहे. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला, आणि ज्या कायद्यासाठी ते वर्षानुवर्षं झगडले तो त्याच वर्षी डिसेंबरमध्ये झाला. जादूटोणाविरोधी कायदा. त्याच्या अनुसूचीतलं पहिलंच कलम भूत उतरवण्याबद्दल आहे. भूत उतरवतो म्हणून साखळीनं बांधून मारणं, मिरचीची धुरी देणं, केस उपटणं, चटके देणं. यासाठी सहा महिने ते सात वर्षं शिक्षा. सरकारी भाषेत लिहिलेलं ते अर्धं पान कुठल्याही हॉरर सिनेमापेक्षा भयानक आहे, कारण तिथली प्रत्येक गोष्ट कोणीतरी कोणाला तरी केलेली आहे. आणि 'तिच्या अंगात काहीतरी आहे' असं ज्यांच्याबद्दल म्हटलं जातं, त्या बहुतेक कोण असतात, हे वेगळं सांगायला हवं का? दिवस-रात्र राबणारी सून. मूल न झालेली बाई. डिप्रेशन हा शब्द ज्या घरात पोचला नाही, त्या घरातली मुलगी.

हॉररला सध्या बरे दिवस आहेत. निर्माते गावोगावची भुतं शोधत हिंडतायत म्हणे. त्यांच्यासाठी जॅक्सनसाहेबाच्या यादीत अजून बराच माल पडून आहे. पाण्यात ओढणारा गिऱ्हा आहे, लढाईत मेलेला वीर आहे. माझं मत मात्र लावसटीला. मुंज्याला हीरो केलंत, हडळीला चान्स मिळाला, तात्या विंचूचा तर दुसरा भाग २०१३ मध्ये थ्रीडीत आला. लावसटीवरचा सिनेमा निदान माझ्या तरी पाहण्यात नाही. केस कापलेली, लाल आलवण नेसलेली, पंगतीत न बसलेली बाई. लग्नकार्यात तिला मागच्या खोलीत बसवलेलं. एका रात्री ती उठून पुढच्या दारानं, भर मांडवात येते. पहिला सीन झाला. कोण करतंय?